दुसरी हाक

मारत्या, परवा गोदावहिनींनी मला घरी बोलावून फोनवर तुझा आवाज ऐकवला. "हाऽड, हाऽड, चल गं, आभाळ येऊन राहिलं," असं तू मेंढरांना म्हणत होतास. आवाज तुझाच. घशातली खरखर तुझी, 'गं' लांबवायची खोडही तुझीच. फक्त हे वाक्य तू कधी म्हटलेलं नव्हतंस. ते तू गेल्यावर तयार झालं. फिनलंडमधल्या त्या गेमच्या कंपनीनं तुझी जुनी रेकॉर्डिंग कॉम्प्युटरला खाऊ घातली आणि कॉम्प्युटरनं तुझ्या आवाजात नवं वाक्य काढून दिलं. हा नमुना म्हणे. आवडला तर पुढचं सगळं असंच करू, असं त्यांनी कळवलंय.

तुला जाऊन अजून महिना व्हायचा आहे. तुझी चप्पल अजून उंबऱ्याजवळ तशीच आहे, एक उताणी, एक पालथी. आणि इकडे तू नवीन नवीन बोलायला लागलास.

वहिनींपुढचा पेच साधा आहे आणि अवघडही. त्या गेमचा दुसरा भाग अर्धा झाला आहे. त्यातला धनगर तू. तुझं अर्धं काम तू करून ठेवलंस आणि अर्धं राहिलं. उरलेलं कॉम्प्युटरकडून करून घ्यायला घरच्यांची परवानगी आहे का, हे कंपनीला हवं आहे. तुझी रेणुका पुण्याहून आलेली आहे आणि तिचं मत 'हो' असं आहे. वहिनींचं काही ठरत नव्हतं.

"भाऊजी, तुमी जन्मभर विंगेत बसून त्यांचं पुस्तक धरलं," त्या म्हणाल्या. "तुमी ऐका अन् सांगा. हे हेच हायेत का?"

मी म्हणालो, विचार करून सांगतो. दुकानात येऊन मशीनवर बसलो आणि एका गिऱ्हाइकाच्या पायजम्याला दोन्ही पाय डावेच लावले. इतकी वर्षं शिंपीकाम करतोय, असं कधी झालं नव्हतं. एरवी अशा बाबतीत मी तुलाच विचारलं असतं. आपण भांडलो असतो, तू मला येडं काढलं असतंस आणि भांडता भांडता उत्तर सापडलं असतं. आता भांडायला तू नाहीस, म्हणून एकट्यानंच दोघांचं बोलतोय.

तुला आठवतं, आपल्या या गोरेगाव खेड्यातल्या नाट्यमंडळात मरायला कुणी तयार नसायचं. पाटील व्हायला चौघं, फौजदार व्हायला सहा, आणि मुडदा म्हटलं की सगळ्यांना एकदम शेतातली कामं आठवायची. त्याला कारण होती आपली रीत. नाटकात जो मेला त्याला पडदा पडल्यावर हाक मारून उठवायचं. पात्राच्या नावानं नाही, घरच्या नावानं. हाक मारायची पुस्तक धरणाऱ्यानं, म्हणजे विंगेत बसून ज्यानं सगळ्यांना संवाद सुचवले त्यानं, म्हणजे मी. मेलेल्यानं 'आलो' म्हणायचं, गुळाचा खडा तोंडात टाकायचा, मग बाकीच्यांनी रंग पुसायचा. तोवर कुणी जागचं हलायचं नाही. फार पूर्वी कुणीतरी स्टेजवर मेला, न उठवता तसाच घरी गेला आणि अंथरुणाला खिळला, अशी गोष्ट म्हातारी माणसं सांगायची. आम्ही त्या गोष्टीला हसायचो, पण रीत मोडायची छाती कुणाची नव्हती.

त्या वर्षी तालमीला तू मागं उभा होतास, खांद्यावर घोंगडी, हातात काठी. मेंढरं ओढ्याकाठी बसवून नाटक बघायला आला होतास. मुडद्यावरून आमची नेहमीची वादावादी चाललेली. तू पुढं आलास आणि म्हणालास, "मी मरतो." जणू कुणी पाणी मागितलं होतं आणि तू तांब्या आणून दिलास.

यात्रेत नाटक उभं राहिलं. दुसऱ्याच प्रवेशात तू मेलास आणि पुढं सगळं नाटकभर मधोमध पडून राहिलास. तेवढ्यात गावातलं एक कुत्रं स्टेजवर चढलं. तुझ्या कपाळावर काकवीत कुंकू कालवून केलेलं रक्त होतं, ते चाटायला लागलं. फौजदार झालेला आपला मास्तर संवाद विसरला. मी विंगेतून ओरडून सांगितला तरी त्याला ऐकू जाईना, कारण तोही तुझ्याकडेच बघत होता. कुत्र्यानं कपाळ चाटलं, नाक चाटलं, पापणी चाटली. पापणी हलली नाही. कुत्रं कंटाळून गेलं आणि पुढं बसलेल्या एका म्हातारीनं तोंडाला पदर लावला. खरंच गेलाय हा, असं तिला वाटलं. खरं सांगायचं तर मलाही वाटलं.

पडदा पडला. मी तुझ्या पायाशी उभा राहून हाक मारली, "मारत्या!" तू उठला नाहीस. सगळे रंगल्या तोंडानं उभे. "मारत्या!" अशी दुसरी हाक मी मारली ती माझ्या आवाजात नव्हतीच, रडक्या पोराची होती. तेव्हा तू एक हात गुडघ्यावर टेकून सावकाश उठलास आणि म्हणालास, "आलो रे, आलो. वरडून काहून राहिला?"

मी तुला शिव्या घातल्या. पहिल्या हाकेला काय झालं होतं, म्हणून विचारलं. तू गूळ चघळत म्हणालास, "पहिल्याच हाकेला उठलो, तर मेलो होतो कुठं?"

तेव्हापासून तू जितक्या वेळा मेलास तितक्या वेळा मला दोन हाका माराव्या लागल्या. पहिल्या हाकेला तू कधी म्हणजे कधीच उठला नाहीस. मला ठाऊक असायचं, सगळ्या मंडळाला ठाऊक असायचं, तरी त्या दोन हाकांच्या मधे दरवेळी मी तुझ्या छातीकडे बघायचोच, हलते का म्हणून. तुझ्या नटपणाचं मला सगळ्यात मोठं नवल हेच वाटतं. आम्हाला खोटं आहे हे माहीत असायचं आणि त्याचा काही उपयोग व्हायचा नाही.

मग तू मुडद्यावरून वर चढलास. तुला भराभर वाचता यायचं नाही. तू मेंढरं चारायचास आणि मी बांधावर बसून पुस्तक मोठ्यानं वाचायचो. तू ऐकायचास आणि चालायचास. संवाद पाठ करायच्या आधी तू त्या माणसाची चाल शोधायचास. "आधी पाय," म्हणायचास. "पाय सापडले की बोलणं मागून येतं, मेंढीमागं कोकरू येतं तसं." मला हे थोतांड वाटायचं. मग वसमतच्या स्पर्धेत तू सत्तरीतला म्हातारा केलास. मिसरूड नीट फुटलेलं नव्हतं तुझं. तू विंगेतून नुसता चालत आलास, दोन्ही खांद्यांवर काठी आडवी आणि तिच्यावर दोन्ही हात टाकलेले, डावा पाय जरासा अडखळत. ते तुझे आबा होते. आबांच्या डाव्या पायात कधीतरी बाभळीचा काटा मोडला होता आणि तो पाय पुढं जन्मभर क्षणभर थांबूनच टेकायचा. तू एक शब्द बोलायच्या आधी लोकांनी टाळ्या वाजवल्या. आबा मागच्या रांगेत बसलेले. नाटक संपल्यावर ते तुला एवढंच म्हणाले, "माझा पाय इतका बी वाईट न्हाई." आणि लंगडत बसकडे गेले.

मुंबईला तू गेलास तेव्हा मी तुला दोन शर्ट शिवून दिले होते. टीव्हीच्या मालिकेत तुला काम मिळालं ते श्रीमंताच्या घरातल्या गड्याचं. संवाद असा नव्हताच. चहाचा ट्रे घेऊन मागं उभं राहायचं. पुढं सासू, सून, वकील, दागिने, रडारड. आमच्या घरी मात्र कुणी त्यांच्याकडे बघायचं नाही. माझी बायको म्हणायची, "ते मागं मारोतीभाऊजींकडं बघा, सुनेवर जळून राहिलेत." आणि खरंच, तू ट्रे असा धरायचास की सुनेबद्दल तुझं काय मत आहे ते गोरेगावात बसून कळायचं. ट्रेनं अभिनय करणारा माणूस मी तुझ्याआधी पाहिला नव्हता.

त्या मालिकेत तुला मालकाला वाचवताना गोळी लागली. शूटिंग झालं, दिवे बंद झाले आणि तुला कुणी उठवलंच नाही. तिकडं कुठली आलीय रीत? तू तसाच फरशीवर पडल्या पडल्या मला फोन केलास. "दत्त्या, मेलोय. हाक मार." दुकानात पाटलांच्या सूनबाई ब्लाऊज न्यायला आलेल्या. मी फोनमध्ये ओरडलो, "मारत्या!" बाई दचकल्या.

"काय झालं हो दत्ताभाऊ?"

"काही नाही, एकाला उठवतोय," मी म्हणालो आणि पुन्हा ओरडलो, "मारत्या!"

"आलो रे, आलो," तू म्हणालास आणि काहीतरी चघळल्याचा आवाज आला. गूळ घेऊन मरायला गेला होतास तू मुंबईत. त्या बाई मात्र पुढं बरेच दिवस दुकानात एकट्या आल्या नाहीत.

आणि मग तो गेम. आपलं खरं भांडण त्याच्यावरून. तू पुण्याच्या स्टुडिओतून फोटो पाठवलास, अंगाला चिकटलेला काळा सूट आणि त्यावर जागोजाग पांढरे गोळे. तू चाललास की ते गोळे चालतात, गोळे चालले की कॉम्प्युटरमधला माणूस चालतो, असं तू समजावलंस. मी कळवलं की कापड बरं आहे, शिलाई भिकार आहे.

गावी आलास तेव्हा मी तुला धरलंच. "तिथं तुझं तोंड दिसतं का?"

"न्हाई. तोंड दुसरंच बसवतात."

"नाव?"

"शेवटाला येतं. तवर पोरं बंद करतात."

"मग दिसतं काय तुझं?"

"चाल दिसती. पडणं दिसतं. उठणं दिसतं. अन् मेंढरांवर वरडलेलं ऐकू येतं."

"लेका, मग ते नाटक न्हाई. कवायत हाय."

तू हसलास. म्हणालास, "दत्त्या, तू जन्मभर विंगेत बसला. तुझं तोंड कुणी बघितलं? मग तू नाटकात नव्हता का?"

मी तुझ्या शर्टाची कॉलर वाकडी आहे म्हणून सांगितलं, आणि ती मीच शिवलेली होती.

पुढं त्याच धनगराच्या कामासाठी तू फिनलंडला गेलास. त्यांनी जगभरातून चालणारे बघितले म्हणे, पण मेंढरांच्या मागं खरं चाललेला माणूस तू एकटा. तुझं बोलणंही त्यांनी बदललं नाही. मेंढरांशी तू आपल्या बोलीत बोलायचास आणि ते तसंच ठेवायचं ठरलं. तिथं तुला यूहानी भेटला. गेममधला नावाडी तो. तू फोनवर त्याच्याबद्दल बोलायला लागलास की थांबायचा नाहीस. त्यानंही लहान गावातल्या नाटकापासून सुरुवात केलेली. मग टीव्हीवर बरीच वर्षं पोलीस झाला आणि आता गेममध्ये राजा, राक्षस, नावाडी, काय म्हणतील ते होतो. "आपलंच गाव हाय त्याचं," तू म्हणालास, "फकस्त बर्फ पडलेला." दोघांचं इंग्रजी बेताचं. तू त्याला काठी खांद्यावर टाकून चालायला शिकवलंस आणि त्यानं तुला बर्फात न घसरता चालायला.

त्या धनगराला गेममध्ये लांडगे खायचे, कडा कोसळायचा, बर्फ फुटून तो पाण्यात जायचा. ही सगळी मरणं तुला करून द्यायची होती. एका दिवसात तू ती सगळी मेलास आणि शेवटच्या मरणानंतर तसाच जमिनीवर पडून राहिलास. यूहानी हात द्यायला आला तर त्याचा हात धरला नाहीस. पडल्या पडल्या रीत समजावून सांगितलीस आणि मला व्हिडिओ कॉल लावायला सांगितलास. मी दुकानात होतो. फोनवर बघतो तर ते सगळे उंच उंच लोक तुझ्याभोवती उभे, आणि तू मधे उताणा.

"लई मेलोय आज," तू डोळे मिटून म्हणालास. "सगळ्या मरणांची मिळून हाक मार."

मी हाक मारली. तू हलला नाहीस. त्या लोकांनी एकमेकांकडे बघितलं. एका पोरीनं तोंडावर हात ठेवला. मी दुसरी हाक मारली. हात गुडघ्यावर टेकून तू उठलास, "आलो रे, आलो." यूहानीनं डोक्यावरची टोपी काढली. तू सहा फुटी माणसाला रडवलंस आणि लगेच खिशातला गूळ काढून त्याला भरवलास.

पुढं काय झालं ते मला दिवाळीत कळलं. रेणुकानं टीव्हीला तो गेम जोडला. तू चिवडा खात बसलेला. पडद्यावर डोंगर, बर्फ, मेंढरं, आणि आपल्याकडे पाठ करून चाललेला एक माणूस. दोन्ही खांद्यांवर काठी आडवी, तिच्यावर दोन्ही हात. डावा पाय क्षणभर थांबून टेकायचा. आबा जाऊन इतकी वर्षं झाली आणि आबा माझ्यासमोर चालले होते, कुठल्या कुठल्या परक्या मुलखात, आपल्या आपल्या नादात. तुझं तोंड नव्हतं, नाव नव्हतं, ट्रेसुद्धा नव्हता. कवायत म्हणालो होतो मी.

मग बर्फ फुटला आणि धनगर मेला. रेणुकानं बटण दाबलं. काहीच झालं नाही. मला वाटलं, बिघडलं. तिनं पुन्हा दाबलं, तेव्हा तो हात गुडघ्यावर टेकून सावकाश उठला आणि पुटपुटला, "आलो रे, आलो."

"असंच आहे काका," रेणुका म्हणाली. "पहिल्यांदा दाबलं की उठतच नाही. लोकांना आधी वाटायचं गेम अडकला. बाबांनी आणि त्या यूहानीनं हट्ट करून तसं ठेवायला लावलंय. आता जगात कुठंही कुणी खेळत असलं तरी दोनदा बोलावल्याशिवाय धनगर उठत नाही."

मारत्या, गोरेगावच्या यात्रेतली आपली ती अडाणी रीत. जिला आपणच हसायचो. ती तू कुठवर नेऊन लावलीस. ज्यांनी आपलं गाव नकाशातही बघितलेलं नाही, अशी माणसं त्यांच्या त्यांच्या घरात बसून तुला दुसरी हाक मारतात. मला हे सगळं तुला सांगायचं होतं. मी एवढंच म्हणालो, "चाल बराबर हाय."

"बराबर म्हणजे?"

"आबांची हाय."

तू चिवड्यातले शेंगदाणे वेचत राहिलास. मग म्हणालास, "यंदा यात्रेत मुडदा मीच करतो. जिथनं सुरू केलं तिथं एकदा मरून घेतो." मी म्हणालो, मोठा नट झालास, आता पाटील कर. त्यावरून आपलं पुन्हा जुंपलं, आणि ते भांडण अजून मिटलेलं नाही.

गेलास त्या दिवशी दुपारी तू जेवून पडवीत आडवा झालास. वहिनी चहा घेऊन आल्या, त्यांनी हलवलं. तू उठला नाहीस. त्या हसल्या. घरातही तू हे सोंग किती वेळा केलंस, त्यांनी तरी काय करावं? त्यांनी डॉक्टरला बोलावलं नाही, मला बोलावलं. शेजारचा माणूस दुकानात येऊन हसत हसत म्हणाला, "दत्ताभाऊ, मारोतराव उठून न्हाई राहिले. वहिनी म्हणल्या, हाक मारायला या." मीही हसत निघालो, मापाची टेप गळ्यात तशीच.

उंबऱ्यातच मला कळलं. तुझा हात पडवीच्या कडेवरून खाली लोंबत होता आणि तू मरताना हात कधीच असा टाकत नव्हतास. मी शेजाऱ्याला डॉक्टरकडे पळवलं. तोवर चार माणसं जमली होती. वहिनी कप हातात धरून उभ्या. "मारा ना भाऊजी," त्या म्हणाल्या.

मी हाक मारली. "मारत्या!"

सगळे थांबले. पहिल्या हाकेला तू उठत नाहीस हे साऱ्या गावाला ठाऊक. त्या पडवीत कुणी रडलं नाही, कुणी पुढं झालं नाही. सगळे माझ्या तोंडाकडे बघत उभे राहिले, दुसऱ्या हाकेची वाट बघत. मी तोंड उघडलं आणि मिटलं. डॉक्टर आले, त्यांनी मनगट धरलं. झोपेतच गेलास, चहा उकळायच्या कितीतरी आधी, असं ते म्हणाले. कुणी काही केलं असतं तरी उपयोग नव्हता, हेही त्यांनी वहिनींना दोनदा सांगितलं. कप तेव्हा पडला.

आता तुझ्या आवाजाचं काय झालं ते सांगतो. काल मी पुन्हा तुझ्या घरी गेलो. म्हणालो, "वहिनी, मी लई कान देऊन ऐकलं. आवाज त्याचाच हाय. मला खोट काढता येत न्हाई." रेणुकाला हायसं वाटलं. तिचं म्हणणं चुकीचं नव्हतं रे. बापाचं काम अर्धवट राहू नये, एवढंच तिला वाटत होतं. गेममधला धनगर मधेच गप्प झाला तर लोकांना ते कसं वाटेल, असं ती म्हणत होती. बापाचा आवाज आणखी थोडा ऐकायला मिळेल, हे तिनं सांगितलं नाही, पण मला ते ऐकू आलं.

वहिनींनी फोन हातात घेतला. "हे मेंढरांवर वरडून राहिलं ते ठीक. याला 'आलो' म्हणता येईल का?"

"येईल की आई."

"पहिल्या हाकेला?"

"पहिल्या, दुसऱ्या, कधीही. आपण सांगू तेव्हा म्हणेल."

वहिनींनी फोन मांडीवर पालथा ठेवला. "मग हे ते न्हाईत," त्या म्हणाल्या. "ह्यांनी जन्मात कुणी सांगितलं म्हणून 'आलो' म्हटलं न्हाई. मी सांगितलं म्हणून तर न्हाईच न्हाई."

रेणुका हसली आणि हसता हसता रडायला लागली. माझंही तेच झालं. आमचं ऐकून वहिनी शेवटी रडल्या. तू गेल्यापासून त्या पहिल्यांदाच मोकळ्या रडल्या.

रेणुकानं कंपनीला कळवलं की बाबांनी जे केलंय ते सगळं वापरा, ते त्यांचं आहे. जे केलं नाही ते त्यांच्या तोंडात घालू नका. जिथं बोलणं कमी पडेल तिथं धनगराला गप्प चालू द्या. आज सकाळी उत्तर आलं. त्यांनी मान्य केलं आहे. नावाडी बोलेल आणि धनगर पुढं चालत राहील, असं यूहानीनंच सुचवलं म्हणे. सोबत यूहानीचा आवाज होता. मोठ्या रिकाम्या खोलीत उभा राहून त्यानं तुला हाक मारली आहे, त्याच्या जड जिभेनं, "मारोती!" एकदाच. मग बराच वेळ नुसती शांतता. शेवटी इंग्रजीत काहीतरी म्हणाला, ते रेणुकानं सांगितलं. दुसरी हाक त्या पुस्तकवाल्याची आहे, ती मी मारणार नाही, असं.

ते ऐकून मी निघालो तेव्हा वहिनी दारापर्यंत आल्या. "भाऊजी, एक विचारू? त्या दिवशी दुसरी हाक काहून मारली न्हाई?"

"वहिनी, पहिल्या हाकेला तो कधी उठला हाय का?"

"न्हाई."

"मग दुसरी मी अजून मारलीच न्हाई."

त्या आत गेल्या आणि गुळाचा खडा आणून माझ्या हातावर ठेवला. "ठेवा मग तुमच्यापाशी," म्हणाल्या.

दुकानात मशीनच्या खणात ठेवलाय. मुंग्या यायला लागल्यात, मी झटकतोय. यात्रा आता जवळ आली आहे. मुडदा करायला यंदाही कुणी तयार नाही, पण कुणीतरी सापडेल आणि त्याला मी पहिल्या हाकेलाच उठायला सांगेन. दुसरी तुझी आहे.